चड्डीतली पाल

उन्हाळा आला की उंदीर समुद्रावर जातात. डोक्यावर गवती टोपी घालतात, छत्रीखाली पाय पसरतात, आइस्क्रीम खातात आणि संध्याकाळी एकमेकांना ‘किती मज्जा आली!’ असं सांगत घरी परततात. एका जुन्या इमारतीच्या वरच्या मजल्यावर तीन शहाणीसुरती माणसं रोज सकाळी येऊन मुलांच्या पुस्तकांतून वर्षानुवर्षं हेच सिद्ध करत होती, आणि त्याबद्दल त्यांना कोणी अटक केली नव्हती.

त्यांतली एक म्हणजे शेपटी. हे तिचं नाव नव्हे. पण चित्रकार म्हणून ती इथे चिकटली तेव्हा पहिलं वर्षभर तिला फक्त शेपट्याच काढायला दिल्या होत्या. उंदीर दुसरं कोणीतरी काढायचं. तो दुसरा कोणीतरी एके दिवशी जेवायला म्हणून गेला तो परत आलाच नाही, तेव्हा तिला बढती मिळून पूर्ण उंदीर मिळाला. नाव मात्र शेपटीच राहिलं.

उंदराचे नियम होते. ते प्रकाशनाच्या मालकीणबाईंनी केले होते. उंदराला दात नसतात. उंदराला कान मोठे आणि गुलाबी असतात. उंदीर नागडा फिरत नाही. उंदीर कायम हसतो, बुडत असला तरी. आणि कुठलाही उंदीर, कुठल्याही पानावर, काहीही कुरतडत नाही. “मुलं अनुकरण करतात,” असं बाई म्हणायच्या. त्यांना स्वतःला मूल नव्हतं; एक भाचा होता, तो मोठा होऊन वकील झाला होता आणि बाईंच्या मते तो त्या पुस्तकांमुळेच झाला होता.

पण बाईंचा खरा जीव उंदरात नव्हता. तो होता मागच्या पानावर. तिथे प्रत्येक पुस्तकावर लाल अक्षरांत छापलेलं असायचं: ‘चाटलं तरी चालेल!’ कधी काळी कुठल्याशा बाळाने कुठलंसं पुस्तक चाटलं होतं आणि त्याच्या आईने बाईंना फोन करून झापलं होतं. तेव्हापासून प्रकाशनात बाजारचा डिंक बंद. उंदीर रंगीत कागदातून कातरायचे आणि पुठ्ठ्यावर रंगवलेल्या समुद्रावर चिकटवायचे ते खळीने. ती खळही ऑफिसातच शिजवायची, गव्हाचं पीठ, दूध आणि साखर घालून.

शेपटीने एकदा शंका काढली होती. “बाई, पण मुलं हे पुठ्ठे कुठे चाटतात? पुठ्ठे छापखान्यात जातात, तिथे त्यांचे फोटो निघतात. मुलं चाटतात ते छापलेलं पुस्तक. आणि ते छापखानेवाले कशाने चिकटवतात ते देवाला ठाऊक.”

बाईंनी चष्मा काढला होता. “अगं, तत्त्व म्हणजे तत्त्व.”

“पण बाई—”

“साखर कमी पडलीये का तुझ्या खळीत? नाही ना? मग झालं.”

तिसरा माणूस म्हणजे काका. ते कोणाचेच काका नव्हते. ते यमकं जुळवायचे. उंदीर या प्राण्यावर त्यांनी इतकं लिहिलं होतं की आता नवीन यमक शिल्लक नव्हतं, म्हणून ते जुनीच उलटी करून वापरत. मागच्या उन्हाळ्यात ‘उंदीरराव, मारा धाव’ होतं, या उन्हाळ्यात ‘धाव मारा, उंदीरराव’. बाईंना हे दरवर्षी ताजं वाटायचं.

शेपटीला उंदरांचा वीट आला होता. तिच्याजवळ एक स्वतःचं पुस्तक होतं, आणि ते पालीचं होतं. गोष्ट अशी: भिंतीवर एक पाल बसलेली असते. पहिल्या पानावर बसलेली असते. दुसऱ्या पानावर बसलेली असते. उन्हाळा येतो, ऊन भिंतीवरून सरकत जातं, खाली माणसं हाश्शहुश्श करतात. पाल बसलेली असते. शेवटच्या पानावर ती थोडी डावीकडे असते.

“मग ती डावीकडे गेली कधी?” काकांनी विचारलं होतं.

“ते कोणीच बघितलं नाही. तीच तर गोष्ट आहे.”

काका म्हणाले, “पालीला यमक बरं आहे. चाल, गाल, लाल.”

बाईंनी मात्र विचारलं, “यात बोध काय?” आणि उत्तर यायच्या आत म्हणाल्या, “बघू. एवढा उन्हाळा पार पडू दे.” हे त्या दर उन्हाळ्यात म्हणायच्या. पण या वेळी शेपटी हटून बसली, तेव्हा त्यांनी काकांच्या समोर टेबलावर हात आपटून सांगितलं, “उन्हाळ्याचं पुस्तक वेळेत छापखान्यात गेलं की तुझी पाल घेऊ. माझा शब्द आहे.”

त्या शब्दावर शेपटी जिवाची बाजी लावून कातरायला बसली. या खेपेला तिने उंदरांच्या पोहण्याच्या चड्ड्या फुग्यांच्या रबरापासून केल्या आणि पुठ्ठ्याला टाके घालून शिवल्या, कारण रबर खळीने चिकटत नव्हतं. चड्ड्या फार सुंदर झाल्या. इतक्या सुंदर चड्ड्या घालायची त्या उंदरांची लायकी नव्हती. जोडून सुट्ट्या आल्या होत्या. सगळे पुठ्ठे वाळायला म्हणून तिने मागच्या खोलीत दोरीवर टांगले, दार लावलं आणि घरी जाऊन गाढ झोपली.

सुट्टीनंतर तिने दार उघडलं तेव्हा समुद्र होता. वाळू होती. छत्र्या होत्या, आइस्क्रीमं होती, आकाशात बाईंच्या नियमाप्रमाणे हसरा सूर्य होता. उंदीर तेवढे नव्हते. जिथे जिथे उंदीर होता तिथे तिथे पुठ्ठ्याला आरपार भोक होतं, आणि प्रत्येक भोकाच्या मधोमध एक रबरी चड्डी टाक्यांवर लोंबकळत होती.

उंदरांनी उंदीर खाल्ले होते.

शेपटीने एकामागून एक सगळे पुठ्ठे बघितले. मनात कुठेतरी एक वाईट विचार आलाच, की बाईंच्या एवढ्या पुस्तकांपैकी उंदरांना आवडलेलं हे पहिलंच.

बाई आल्या. पुठ्ठ्यांसमोर उभ्या राहिल्या. “हे कोणी केलं?”

“उंदरांनी.”

“कोणत्या?”

“खऱ्या.”

काका हे ऐकून खुर्चीवर चढले. त्यांनी उभ्या आयुष्यात खरा उंदीर पाहिला नव्हता आणि पाहायची इच्छाही नव्हती. “म्हणजे ते अजून इथेच आहेत?” त्यांनी वरून विचारलं.

“असणारच की. एवढं दूध-साखर खाऊन कुठे जातील?”

“बाई, मी आज इथूनच काम करतो,” काका म्हणाले, आणि त्यांनी वही वर मागून घेतली.

छापखान्याची गाडी दुसऱ्या दिवशी सकाळी यायची होती. शेपटीने गॅलरीत जाऊन भावाला फोन केला. तिचा दादा पेस्ट कंट्रोलचं काम करायचा. घरात एक उंदीर मारायचा आणि एक नटवायची, आणि आई दोघांनाही सारखंच म्हणायची, “लोकांना सांगायला लाज वाटते.” दादाला स्वतःच्या कामाचा मोठा अभिमान होता. उंदीर मात्र त्याच्या हाती क्वचितच लागायचे.

“अरे, पिंजरा घेऊन ये. पण पिंजरा दिसू देऊ नकोस. बाईंना चालत नाही.”

“काय चालत नाही?”

“उंदीर मारलेले. त्यांच्या जिवावर पोट भरतं ना. बाहेर कळलं तर काय म्हणतील लोक!”

“मग मी कोण म्हणून येऊ?”

“वाचक म्हणून ये.”

दादाने आयुष्यात पुस्तक वाचलं नव्हतं, पण तो आत्मविश्वासाने आला. खांद्याला भलीमोठी पिशवी. बाईंचा चेहरा फुलला. कित्येक वर्षांत वाचक असा चालत वर आला नव्हता.

“या, बसा. तुमच्या मुलांना आमचं कोणतं पुस्तक आवडतं?”

“ते... उंदराचं.”

“आमची सगळीच उंदरांची आहेत.”

“तेच ते. सगळीच.”

बाईंच्या डोळ्यांत पाणी तरळलं. “आणि चाटतात का?”

दादाने बहिणीकडे बघितलं. बहिणीने मान हलवली. “चाटतात म्हणजे काय,” दादा म्हणाला, “जेवायलाच बसत नाहीत.”

तेवढ्यात पिशवीतल्या पिंजऱ्याचं दार खाडकन पडलं. काकांनी खुर्चीवरच उडी मारली.

“हे काय होतं?” बाईंनी विचारलं.

“डबा आहे. जेवणाचा.”

“डब्याला जाळी?”

“उन्हाळा आहे ना बाई. हवा लागते अन्नाला.”

बाईंनी पिशवी उघडली. मग त्या जे बोलल्या त्यातलं एक वाक्य खालच्या मजल्यावरच्या शिंप्यालाही ऐकू गेलं: “माझ्या छताखाली एकाही उंदराला धक्का लागता कामा नये!”

दादाला जिन्यापर्यंत सोडताना शेपटीने विचारलं, “आता मी काय करू?”

“खळीत दूध-साखर घालता तुम्ही? मग हे ऑफिस नाही, खानावळ आहे. तिखट लाव. तिखट लावलं की तोंड लावत नाहीत.”

“नक्की?”

“नक्की.” दोन पायऱ्या उतरून तो थांबला. “कधीकधी लावतात.”

शेपटी आत आली तेव्हा काका वरून सुचवत होते, “भोकांच्या मागे कोरा कागद लावा आणि त्यावर उंदीर रंगवा. हाय काय अन् नाय काय.” ते खुर्चीवर चढल्यापासून त्यांची बुद्धी जरा चालायला लागली होती.

बाईंनी पुठ्ठा उचलला. “बरोबर आहे. रंगव उंदीर.”

शेपटीने भोकाकडे बघितलं. खळ जिथवर पसरली होती तिथवर उंदीर कुरतडत गेले होते. भोक लांबट झालं होतं. बाजूंना चार पाय फाकलेले, मागे जाडसर शेपूट निमुळती होत गेलेली. तिने दुसरा पुठ्ठा बघितला. तिथेही तेच.

“बाई, यात उंदीर बसणार नाही. हे पालीचं भोक आहे.”

“काहीतरीच काय! पसरलेला उंदीर आहे तो.”

“काका, तुम्हीच सांगा. वरून काय दिसतं?”

काकांनी वाकून बघितलं. “पाल,” ते म्हणाले. “आणि वेळ नाही.”

बाई विचारात पडल्या. मग त्यांचा चेहरा एकदम उजळला. “अगं, मग घे की तुझी पाल! मी शब्द दिला होता ना? बघ, उन्हाळा संपायच्याही आधी पाळला. कोणी म्हणायला नको, बाई बोलतात आणि विसरतात.”

“बाई, पण माझी पाल भिंतीवर असते. ती काही करत नाही.”

“आता समुद्रावर असेल. सुट्टीला आलीये.”

“आणि चड्डी?”

“चड्डी आहेच की. इतकी छान झालीये. आणि हे बघ, पाल म्हणजे जरा ईऽ वाटतं लोकांना. तिला कान लाव. गुलाबी, मोठे. आणि हसू दे. हसली आणि कान असले की कोणाच्या लक्षातही येणार नाही पाल आहे ते.”

“मग ती पाल कशी राहील?”

“आतून राहील,” बाई म्हणाल्या, आणि मागचं पान तपासायला निघून गेल्या.

इतकी वर्षं ज्या पुस्तकासाठी शेपटीने दात नसलेले उंदीर काढले, ते पुस्तक तिला असं मिळालं. कानांसकट. आणि यापुढे ‘माझी पाल’ म्हणायचीही सोय उरली नव्हती, कारण बाई म्हणणार, घेतली की तुझी पाल. वर काकांची लेखणी सुरूच झाली होती: “पालबाई पालबाई, पोहायची केवढी घाई!”

ती खुर्चीत बसली. कोपऱ्यात कपाटामागे काहीतरी खुडबुडलं. काकांनी पाय वर घेतले. ते आधीच वर होते, तरी घेतले. शेपटी त्या कपाटाकडे बघत राहिली. मग उठली आणि तिने खळीचं पातेलं गॅसवर चढवलं. साखर दुप्पट घातली. दूध सायीसकट ओतलं.

दुपारभर तिने पाली रंगवल्या. कोऱ्या कागदावर, हव्या तशा: करड्या, चपट्या, डोळ्यांत काडीचाही भाव नसलेल्या. कुठल्याही पानावर पाल पोहत नव्हती, पळत नव्हती. सगळीकडे बसली होती. शेवटच्या पुठ्ठ्यावर भोक जरा मोठं होतं, तिथे ती थोडी डावीकडे बसली. कागद तिने मागून स्टेपलरने पक्के केले. स्टेपलर चाटण्याबद्दल बाईंचा नियम नव्हता. मग एका वाटीत तिखट कालवलं, गाळलं आणि ते पाणी पालींवरून हलक्या हाताने फिरवलं. त्या प्रकाशनाच्या इतिहासात चाटलं तर न चालणारी ही पहिलीच पानं.

शेवटी कान. तिने ते अगदी मनापासून कातरले, मोठे, गुलाबी. आणि प्रत्येक पालीसाठी एक हसू कातरलं. बुडाला खळीचा एकेक ठिपका लावून कान-हसू चिकटवलं आणि वरून खळीचा जाड थर दिला, पोळीवर लोणी फासावं तसा.

संध्याकाळी बाईंनी सगळं पाहिलं. “गोड झालीये गं!”

“फारच गोड झालीये, बाई,” शेपटी खरं तेच बोलली.

पुठ्ठे तिने मागच्या खोलीत टांगले. दोरी जरा खाली बांधली. दार उघडं ठेवलं. निघताना कपाटाच्या दिशेने बघून हळूच म्हणाली, “फक्त कान. ऐकताय ना?” आणि घरी आली, पण ताट तसंच ठेवून हिशेब करत बसली. उंदरांना तिखट चाललं तर पालीही जाणार, छापखाना चुकणार, आणि दोष कोणाचा हे विचारायला बाई चष्मासुद्धा काढणार नाहीत. “कधीकधी लावतात म्हणजे किती वेळा लावतात?” तिने दादाला विचारलं. दादा म्हणाला, “ते उंदरावर असतं.” असा हा तज्ज्ञ.

सकाळी ती सगळ्यांच्या आधी पोहोचली. दोरीवर पाली होत्या. करड्या, चपट्या, जिथल्या तिथे. कान गेले होते. हसू गेलं होतं. एका ठिकाणी उंदरांनी सूर्याच्या तोंडाचाही तुकडा काढला होता. तो तिने मागितला नव्हता, पण तिला पटला. चड्ड्या मात्र होत्या. रबराला त्यांनी याही वेळी तोंड लावलं नव्हतं. तिने कात्री उचलली, टाक्यांपाशी नेली. तेवढ्यात खाली गाडीचा हॉर्न वाजला आणि जिन्यात बाईंची चप्पल. टाके पक्के होते, तिनेच घातले होते. तिने पुठ्ठे भराभर एकावर एक रचले आणि मागचं पान सर्वात वर ठेवलं.

बाई दारातच थांबल्या. “मागचं पान दाखव.”

तिने दाखवलं. ‘चाटलं तरी चालेल!’ बाईंनी ते एकदा वाचलं, मग बोट फिरवत पुन्हा वाचलं, आणि समाधानाने म्हणाल्या, “जाऊ दे गाडी.”

पुस्तक उन्हाळ्यातच बाजारात आलं. एका दुकानदाराने फोन करून विचारलं, मुखपृष्ठावर कान असलेली पाल आणि आत बिनकानाची, हे कसं? मुखपृष्ठ काकांनी घाईघाईत खुर्चीवर बसून रंगवलं होतं. बाईंनी आतली पानं पहिल्यांदाच उघडून बघितली आणि फोनवर कडाडल्या, “पालीला बाहेरून कान नसतात. जरा शास्त्र शिका!” फोन ठेवून शेपटीकडे वळल्या. त्या काही बोलणार एवढ्यात दुसऱ्या दुकानदाराचा फोन आला. त्याला आणखी प्रती हव्या होत्या. चड्ड्या लोकांना फार आवडल्या होत्या. बाई जे बोलणार होत्या ते राहूनच गेलं. त्याऐवजी त्या म्हणाल्या, “पुढच्या उन्हाळ्यात पालीला नवरा दे. आणि टोपी.”

त्या रविवारी दादाने स्वयंपाकघरात पुस्तक उचललं. तो नेहमीप्रमाणे फिदीफिदी हसायच्या तयारीत होता. पहिलं पान उलटलं. दुसरं उलटलं.

“इथे लिहिलंय पोहायची घाई. ही तर बसलीये.”

“हं.”

“इथे लिहिलंय, लाटांवरती धरला ताल. बसलीये.”

“हं.”

“अगं, मग हिला काही करायचंय की नाही?”

शेपटी भांडी विसळत राहिली. दादा शेवटच्या पानावर पोहोचला. “संपलं? हे काय पुस्तक आहे! काहीच झालं नाही. उगाच लोकांची—” तो थांबला. पुस्तक जरा लांब धरलं, मग जवळ आणलं.

“ही इकडे कधी आली?”

तिने आणखी एक ताट विसळलं.

“अगं, मघाशी ही छत्रीच्या या बाजूला होती. डावीकडे कधी सरकली?”

त्याने एक पान मागे उलटलं. मग आणखी एक. मग सरळ पहिल्या पानावर गेला, खुर्ची खिडकीपाशी ओढली आणि बोट ठेवून एकेक पान बघायला लागला, कपाळाला आठ्या घालून, जसा तो रिकाम्या पिंजऱ्याकडे बघायचा.

“चड्डी कशाला घातलीस पण हिला?” मान वर न करता त्याने विचारलं.

“ती बाईंची,” शेपटी म्हणाली, आणि नळ हळूच बंद केला.